हुकूम न्यायालयाचा, अंमल कोणाचा?



आंध्र प्रदेशातील गुंटूर जिल्ह्यात काही गरीब कुटुंबे सरकारी जमिनीवर झोपड्या बांधून राहत होती. घरासाठी जागेचे पट्टे मिळावेत असे त्यांचे अर्ज महसूल खात्याकडे होते. आपल्याला हुसकावून लावले जाणार अशी चाहूल लागताच ती उच्च न्यायालयात गेली आणि न्यायालयाने त्यांना संरक्षण देणारा हुकूम केला. हुकूम झाला म्हणजे काम झाले असे या कुटुंबांना वाटले असेल, तर तो त्यांचा दोष नाही. नागरिकशास्त्राच्या शालेय पुस्तकात तसेच लिहिलेले असते. प्रत्यक्षात २०१३ च्या डिसेंबरात आणि पुन्हा २०१४ च्या जानेवारीत तेथील तहसीलदाराने त्या झोपड्या पाडल्या.

अवमानाचा अर्ज झाला. उच्च न्यायालयाने तहसीलदाराला दोन महिन्यांच्या साध्या कैदेची शिक्षा दिली. त्यावर अपील झाले, ते फेटाळले गेले आणि प्रकरण दिल्लीला सर्वोच्च न्यायालयात पोहोचले. या साऱ्यात अकरा वर्षे गेली, आणि त्या अकरा वर्षांत हे गृहस्थ बढती मिळून उपजिल्हाधिकारी झाले. अखेर ९ मे २०२५ रोजी न्या. भूषण गवई आणि न्या. ऑगस्टिन मसीह यांनी कैदेऐवजी त्यांना पुन्हा तहसीलदाराच्या पदावर खाली आणावे आणि त्यांच्याकडून एक लाख रुपये दंड घ्यावा, असा आदेश दिला. कैद भोगावी लागली तर नोकरी जाईल आणि त्याची झळ कुटुंबाला बसेल, हा विचार न्यायालयाने केला. दयेला नावे ठेवण्याचे कारण नाही. पाडलेल्या झोपड्यांतही कुटुंबेच राहत होती, एवढे मात्र ध्यानात ठेवलेले बरे.

न्यायालयाचा हुकूम मोडणाऱ्या अधिकाऱ्याची पायरी अशी खाली येणे ही या देशात दुर्मिळ गोष्ट आहे. नेहमी घडते ते याच्या उलट. गरिबाच्या बाजूने हुकूम होतो, वर्तमानपत्रात त्याचा मथळा येतो, कार्यकर्ते पेढे वाटतात आणि सहा महिन्यांनी तीच माणसे त्याच कचेरीच्या पायऱ्यांवर बसलेली दिसतात. हुकूम न पाळल्याबद्दल सरकारला काय किंमत मोजावी लागते, हा आजचा प्रश्न आहे. फारशी मोजावी लागत नाही, हे त्याचे उत्तर. पण असे का होते, याच्या खोलात शिरल्याशिवाय कार्यकर्त्याला त्या उत्तराचा काही उपयोग नाही.

न्यायालयाचा अवमान म्हटले की सामान्य माणसाच्या डोळ्यांपुढे न्यायाधीशांविरुद्ध काहीतरी बोलून अडचणीत आलेला संपादक किंवा पुढारी उभा राहतो. तो अवमानाचा एक प्रकार झाला. १९७१ च्या अधिनियमात त्याला फौजदारी अवमान म्हटले आहे. दुसरा प्रकार दिवाणी अवमानाचा. न्यायालयाचा निकाल, हुकूम किंवा न्यायालयाला दिलेली हमी बुद्धिपुरस्सर मोडणे, एवढीच त्याची व्याख्या. गाजावाजा होतो पहिल्या प्रकाराचा. खटले असतात दुसऱ्या प्रकाराचे. विधी आयोगाने २०१८ साली अवमानाच्या कायद्यावर अहवाल दिला, तेव्हा देशातील उच्च न्यायालयांत फौजदारी अवमानाची प्रकरणे सहाशेसुद्धा नव्हती आणि दिवाणी अवमानाची ९६,३१० पडून होती. २०२५ च्या मार्चमध्ये संसदेत सरकारने सांगितलेला उच्च न्यायालयांतील अवमान प्रकरणांचा आकडा १ लाख ४० हजारांच्या वर गेला होता. त्यांतील फार मोठ्या संख्येत समोरची बाजू म्हणजे शासन किंवा शासनाचीच एखादी शाखा असते. निवृत्त शिक्षकाचे निवृत्तिवेतन, संपादित जमिनीचा मोबदला, रोजंदारीवरच्या मजुराला कायम करण्याचा हुकूम, असे या प्रकरणांचे स्वरूप असते. त्यांतला प्रत्येक जण न्यायालयात एकदा जिंकलेला असतो.

या दोन प्रकारांना कायदा एकाच दावणीला बांधतो, आणि घोटाळ्याची सुरुवात तेथूनच होते. ई. एम. एस. नंबुद्रिपाद केरळचे मुख्यमंत्री असताना १९६७ साली एका पत्रकार परिषदेत म्हणाले की न्यायसंस्था हे वर्गीय दडपशाहीचे साधन आहे आणि न्यायाधीशांचा कल श्रीमंतांकडे झुकतो. हे त्यांचे राजकीय मत होते. कोणाला पटो वा न पटो. केरळ उच्च न्यायालयाने त्यांना हजार रुपये दंड केला. १९७० साली सर्वोच्च न्यायालयाने दंड पन्नास रुपयांवर आणला, पण दोष कायम ठेवला. वर, मार्क्स आणि एंगल्स खरोखर काय म्हणाले हे त्यांना समजलेले नाही, असा अभिप्रायही दिला. न्यायासनावरून घेतलेला मार्क्सवादाचा तो वर्ग अजूनही मोठ्या चवीने सांगितला जातो. इंग्लंडमध्ये न्यायालयाची निंदा हा अवमानाचा प्रकार २०१३ साली कायद्यातून काढून टाकला गेला. हुकूम मोडणाऱ्याला शिक्षा करण्याचा अधिकार मात्र तेथे जागच्या जागी आहे. भारतात तसे करावे काय, असे २०१८ साली केंद्र सरकारनेच विधी आयोगाला विचारले होते. आयोगाने नकार दिला. समाजवादी माणसाने या प्रश्नावर गोंधळून जाऊ नये. न्यायाधीशावर टीका करणाऱ्याला वाचवण्यासाठी जे भांडतात, त्यांनीच न्यायालयाचा हुकूम मोडणाऱ्या सचिवाला शिक्षा मागण्यात कसलीही विसंगती नाही. टीकाकाराकडे फक्त शब्द असतात. सचिवाकडे पोलीस असतात, बुलडोझर असतो आणि तिजोरी असते.

समाजवादी चळवळीचे न्यायालयांशी नाते कधीच सरळ नव्हते. पहिल्या दशकात तर न्यायालय म्हणजे जमीनदारांचा आधार, अशीच कार्यकर्त्यांची भावना होती आणि ती निराधार नव्हती. बिहारचा जमीन सुधारणा कायदा पाटणा उच्च न्यायालयाने १९५१ साली रद्द ठरवला. संसदेला राज्यघटनेची पहिली दुरुस्ती करावी लागली ती अशा निकालांमुळे. सरकारने न्यायालयाचा हुकूम मोडला तर काय, या प्रश्नावरचा स्वतंत्र भारतातला एक पायाभूत निकालही त्याच कायद्यातून निघालेला आहे. राणी सोनाबती कुमारी या जमीनदारीणबाईंनी दिवाणी न्यायालयातून मनाई हुकूम आणला होता. बिहार सरकारने तो असताना अधिसूचना काढून त्यांची जमीनदारी ताब्यात घेतली. १९६० साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की मनाई हुकुमाने सरकारही इतर पक्षकारांइतकेच बांधलेले आहे. हुकूम चुकीचा वाटत असेल तर तो बदलून घ्यावा, तो जागेवर असेपर्यंत मोडता येणार नाही. जमीनदारीच्या बाजूने लागलेला हा निकाल त्या काळी समाजवाद्यांना रुचण्याचे कारण नव्हते. आज झोपडपट्टीतल्या बाईच्या वकिलाला हेच तत्त्व पुढे करावे लागते. कायद्याची तत्त्वे कोणाच्या घरी जन्मतात आणि कोणाच्या घरी नांदतात, याचा नेम नसतो.

दुसऱ्या बाजूने पाहिले तर न्यायालयाचे दार समाजवाद्यांइतके थोड्यांनीच ठोठावले असेल. पाटण्यातील स्थानबद्धतेविरुद्ध डॉ. राममनोहर लोहिया १९६५ साली सर्वोच्च न्यायालयात गेले आणि सुटले. मधु लिमये यांना १९६८ च्या नोव्हेंबरात बिहारमधील लखीसराय येथे अटक झाली; अटकेची कारणे सांगितली नव्हती, म्हणून डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयाने त्यांना मुक्त केले. या दोन्ही हुकुमांची अंमलबजावणी झाली. ती होण्यात सरकारचा मोठेपणा नव्हता. ‘या माणसाला सोडा’ हा हुकूम एका तुरुंगाला उद्देशून असतो, तुरुंगाला एक फाटक असते आणि फाटकाची किल्ली एका अधीक्षकाकडे असते. हुकूम पाळला की मोडला हे संध्याकाळपर्यंत सगळ्या गावाला कळते.

‘या माणसांना पाणी द्या, वेतन द्या, जमीन द्या’ हा हुकूम निराळ्या जातीचा असतो. तो एका हाताने पाळता येत नाही. वित्त खात्याने पैसा द्यायचा, महसूल खात्याने जमीन शोधायची, जिल्हाधिकाऱ्याने याद्या करायच्या, तलाठ्याने उतारे काढायचे. यांतील कोणताही एक जण बसून राहिला की हुकूम तेथेच थांबतो, आणि थांबवणारा कोण हे सांगता येत नाही. फरिदाबादच्या दगडखाणीतील वेठबिगारांविषयी बंधुआ मुक्ती मोर्चाने पाठवलेले पत्र सर्वोच्च न्यायालयाने अर्ज म्हणून स्वीकारले आणि १६ डिसेंबर १९८३ रोजी न्या. भगवती यांच्या पीठाने केंद्र व हरियाणा सरकारांना २१ निर्देश दिले. वेठबिगार हुडकून मुक्त करणे, किमान वेतन देणे, पिण्याचे शुद्ध पाणी पुरवणे, खडी फोडताना उडणाऱ्या धुळीला आळा घालणे, अशा त्यांत साध्या गोष्टी होत्या. हा निकाल कायद्याच्या महाविद्यालयांतून शिकवला जातो आणि तो शिकवण्याजोगाच आहे. १९९१ साली हेच प्रकरण पुन्हा न्यायालयापुढे आले, तेव्हा पाहणीत आढळले ते असे की खाणींतील परिस्थितीत फारसा फरक पडलेला नाही. न्यायालयाने पुन्हा निर्देश दिले. कोणी तुरुंगात गेले नाही. कोणाला धाडणार? एकवीस निर्देशांचा भंग एका माणसाने केलेला नव्हता.

कायद्यातला ‘बुद्धिपुरस्सर’ हा शब्द येथे सरकारच्या मदतीला धावतो. हुकूम पाळला गेला नाही एवढे दाखवून भागत नाही. अमुक अधिकाऱ्याने जाणूनबुजून तो मोडला, हे दाखवावे लागते. हुकूम झाला तेव्हाचे सचिव बदलून गेलेले असतात, नव्या सचिवांना धारिका नुकतीच मिळालेली असते, निधीचा प्रस्ताव वित्त खात्याकडे असतो आणि वित्त खात्याने विचारलेल्या शंकांचा खुलासा मूळ खात्याकडून यायचा असतो. प्रतिज्ञापत्रात हे सारे लिहिले की त्यात कोठेही बुद्धी दिसत नाही, मग ती पुरस्सर असण्याचा प्रश्नच उरत नाही.

त्याहून अधिक घातक असा एक शब्द खुद्द न्यायालयाच्याच हुकुमांत असतो. ‘अर्जदाराच्या निवेदनाचा शासनाने कायद्यानुसार विचार करावा.’ हजारो रिट अर्ज रोज या एका वाक्यावर निकालात निघतात. अर्जदार समजतो की आपण जिंकलो. शासन विचार करते. एका परिच्छेदात विचार पूर्ण होतो आणि निवेदन फेटाळले जाते. यावर अवमानाचा अर्ज घेऊन जावे तर न्यायालय म्हणते, विचार करायला सांगितले होते, तो त्यांनी केला. निर्णय चुकीचा वाटत असेल तर नवा रिट अर्ज करा. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली एका सेवाविषयक प्रकरणात असे ठरवून टाकले आहे की हुकुमाला अनुसरून सरकारने काही एक निर्णय घेतला, तर तो चूक असला तरी नव्या दाव्याचे कारण होईल, अवमान होणार नाही. कायद्याच्या दृष्टीने हे बरोबरही असेल, कारण अवमानाचे न्यायालय मूळ हुकुमाच्या पलीकडे जाऊ शकत नाही. पण भूमिहीन मजुराच्या दृष्टीने पाहावे. चार वर्षे चाललेला पहिला अर्ज, दोन वर्षे चाललेला अवमानाचा अर्ज आणि आता पुन्हा नव्या अर्जाचा पहिला दिवस. मंत्रालयात जे कारकून अशा टिपण्या तयार करतात ते या शास्त्रात पारंगत असतात. त्यांच्याइतका हा विषय पक्षाच्या कार्यकर्त्यांनी शिकला असता तर बरेच हुकूम कागदावरून खाली उतरले असते.

अपिलाचे तंत्रही असेच ओळखीचे झाले आहे. हुकूम झाला की सरकार गप्प बसते. अपिलाची मुदत टळते. अवमानाची नोटीस आली की तिसऱ्या दिवशी मुदत माफ करण्याच्या अर्जासह अपील दाखल होते आणि अवमानाच्या न्यायालयात सांगितले जाते की प्रकरण वरिष्ठ न्यायालयापुढे विचाराधीन आहे. नुसते अपील दाखल झाल्याने हुकूम स्थगित होत नाही, हे कायद्याच्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यालाही ठाऊक असते. तरीही न्यायालये थांबतात, आणि थांबण्याला आधारही आहे: स्थगितीचा अर्ज पुढे असेल तर आधी तो ऐकावा, असा दंडक सर्वोच्च न्यायालयानेच घालून दिला आहे. तो अर्ज ऐकण्यासाठी लागणारी वर्षे कोणाच्या खात्यावर मांडायची, हे मात्र कोणी ठरवलेले नाही.

आणि एवढ्यानेही भागले नाही तर कायदाच बदलता येतो. आयुर्विमा महामंडळाचे प्रकरण जुन्या कार्यकर्त्यांच्या आठवणीत असेल, तरुणांना ते सांगायला हवे. महामंडळ आणि तिसऱ्या व चौथ्या श्रेणीचे कर्मचारी यांच्यात १९७४ साली करार झाला. त्यात वर्षाच्या पगाराच्या १५ टक्के बोनस ठरला. पुढे आणीबाणी आली आणि सरकारने बोनस रोखला. कर्मचारी कोलकाता उच्च न्यायालयात गेले. २१ मे १९७६ रोजी, म्हणजे भर आणीबाणीत, उच्च न्यायालयाने बोनस देण्याचा हुकूम केला. आठ दिवसांनी, २९ मे रोजी, करारातला बोनस पूर्वलक्षी प्रभावाने काढून घेणारा कायदा संसदेकडून झालेला होता. त्या संसदेत विरोधी बाकांवर बसणारे कितीतरी सदस्य तेव्हा तुरुंगात होते. २१ फेब्रुवारी १९७८ रोजी सात न्यायाधीशांच्या पीठाने तो कायदा रद्दबातल ठरवला. उच्च न्यायालयाचा हुकूम अस्तित्वात होता, तो पाळणे भाग होते, असे न्या. भगवतींनी त्यात स्पष्ट केले. बोनस पुढे कसा कसा वसूल करावा लागला ती कथा कर्मचारी संघटनांनाच सांगता येईल. येथे मुद्दा एवढाच की हुकूम टाळण्याची इच्छा असेल तर सरकारची चपळाई आठ दिवसांत कायदा करण्यापर्यंत जाते. आणि हुकूम पाळायचा असला की त्याच सरकारला वित्त खात्याचा अभिप्राय मिळायला दोन वर्षे लागतात.

आता शिक्षेचे पाहू. अवमानाबद्दल जास्तीत जास्त सहा महिन्यांची साधी कैद आणि दोन हजार रुपये दंड. दोन हजारांचा हा आकडा १९७१ चा नव्हे. १९५२ च्या कायद्यात तोच होता आणि इंग्रजांच्या १९२६ च्या कायद्यातही तोच होता. १९२६ साली दोन हजार रुपयांत काय काय येत होते याचा हिशेब ज्येष्ठांनी करावा. आज एखाद्या सचिवाच्या मोटारीला महिन्याला लागणारे पेट्रोलही त्यात बसणार नाही. शिवाय त्याच्या बाजूने उभा राहणारा वकील सरकारी खर्चाने येतो. सर्वोच्च न्यायालयाला राज्यघटनेनेच व्यापक अधिकार दिले आहेत, म्हणून गुंटूरच्या प्रकरणात एक लाखाचा दंड आणि पदावनती शक्य झाली.

मंत्र्याला शिक्षा झाल्याचे उदाहरण शोधायला महाराष्ट्राबाहेर जावे लागत नाही. जंगलतोड थांबावी म्हणून सर्वोच्च न्यायालयाने सॉ मिलवर निर्बंध घातले होते. महाराष्ट्रात वन खात्याने त्यांना बगल देऊन काही गिरण्यांना चालू राहण्याची परवानगी दिली. १० मे २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तत्कालीन वनमंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत या दोघांना एकेक महिन्याची कैद दिली. मंत्र्यांना तुरुंगात जावे लागले, ही लहान गोष्ट नव्हे. तेथे पाठपुरावा होता, न्यायालयाने नेमलेली समिती होती आणि हुकूम ‘करू नका’ या जातीचा होता, हेही विसरता येत नाही.

याच्या शेजारी दुसरे उदाहरण ठेवावे. अयोध्येत वादग्रस्त जागी बांधकाम होऊ देणार नाही, अशी उत्तर प्रदेश सरकारची हमी सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर १९९१ मध्ये नोंदवून घेतली होती. जुलै १९९२ मध्ये तेथे काँक्रीटचा चबुतरा उभा राहिला. ६ डिसेंबरला काय झाले ते सर्वांना माहीत आहे. चबुतऱ्याबद्दलच्या अवमानासाठी मुख्यमंत्री कल्याणसिंह यांना २४ ऑक्टोबर १९९४ रोजी शिक्षा झाली: एक दिवसाची कैद आणि दोन हजार रुपये दंड. मशीद पाडल्याबद्दलच्या अवमानाचे अर्ज त्यानंतरही पडून राहिले. अर्ज करणारे निवर्तले. कल्याणसिंह पुढे पुन्हा मुख्यमंत्री झाले, राज्यपाल झाले आणि २०२१ साली वारले. ३० ऑगस्ट २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने, आता या अर्जांत काही उरलेले नाही असे म्हणून, ती प्रकरणे बंद केली. तीस वर्षांत हमीचा भंग सुनावणीवाचून शिळा झाला.

न्यायालयांचा हात नेहमीच आखडता असतो असे मात्र नाही. २०२३ च्या एप्रिलमध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशच्या वित्त सचिवांना आणि त्यांच्या सहकाऱ्यांना न्यायालयातच ताब्यात घेण्याचा हुकूम दिला. प्रकरण निवृत्त न्यायाधीशांना घरगामासाठी मिळायच्या साहाय्याचे आणि तशाच इतर सोयींचे होते. वेठबिगारांच्या पाण्यासाठी आठ वर्षांत जी तत्परता दिसली नाही ती येथे दिसली, असे कोणाला वाटले तर त्याला अवमानाची नोटीस काढू नये. ३ जानेवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो हुकूम रद्द केला आणि अधिकाऱ्यांना न्यायालयात केव्हा बोलवावे याची कार्यपद्धती घालून दिली. ऊठसूट सचिवांना हजर करू नये, शक्यतो दूरचित्रसंवादाने काम भागवावे, त्यांच्या पोशाखावर शेरे मारू नयेत, अवमानाची कारवाई जपून करावी, असे त्यात सांगितले आहे. अधिकाऱ्याला ताटकळत उभे करून अपमानित करण्याने गरिबाला काही मिळत नाही हे खरेच. तथापि जी खाती मुळातच हुकूम टाळण्यात तरबेज आहेत त्यांच्या हाती या कार्यपद्धतीची एक प्रत आता कायम राहील, हेही तितकेच खरे.

सर्वोच्च न्यायालयाने १३ नोव्हेंबर २०२४ रोजी बुलडोझरसंबंधी दिलेला निकाल या दृष्टीने वेगळा आहे. घर पाडण्यापूर्वी पंधरा दिवसांची नोटीस द्यावी, हे त्यात आहेच. शिवाय हा निर्देश मोडणाऱ्या अधिकाऱ्यावर अवमानाची कारवाई होईल आणि पाडलेले घर त्याला स्वतःच्या खिशातून भरून द्यावे लागेल, असेही बजावले आहे. जबाबदारी खात्यावर न टाकता माणसावर टाकलेली आहे. त्यानंतर चार महिन्यांनी, मार्च २०२५ मध्ये, नागपुरात दंगलीतील एका आरोपीच्या कुटुंबाचे घर महापालिकेने पाडले. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने त्याच दिवशी कारवाईला स्थगिती दिली, पण तोवर घर पडलेले होते. पुढच्या महिन्यात महापालिका आयुक्तांनी बिनशर्त माफी मागितली आणि सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाची माहिती अधिकाऱ्यांना नव्हती, असे प्रतिज्ञापत्रावर सांगितले. देशभर गाजलेला निकाल चार महिन्यांत नागपूरच्या महापालिकेपर्यंत पोहोचला नव्हता. वेतन आयोगाचे परिपत्रक पोहोचायला असा वेळ लागल्याचे ऐकिवात नाही.

म्हणून पक्षाच्या कार्यकर्त्याने काही रुक्ष गोष्टी शिकून घेणे आवश्यक आहे. रिट अर्ज लिहिला जात असतानाच वकिलाजवळ आग्रह धरावा की मागणी ‘विचार करावा’ अशी नको; अमुक तारखेपर्यंत अमुक पदावरील अधिकाऱ्याने अमुक गोष्ट करावी आणि ती केल्याचे प्रतिज्ञापत्र न्यायालयात दाखल करावे, अशी हवी. हुकूम झाल्यावर त्याची प्रमाणित प्रत काढून ती संबंधित अधिकाऱ्याच्या कचेरीत स्वतः नेऊन द्यावी आणि आवक क्रमांक व तारखेसह पोच घ्यावी. हुकुमाची माहिती नव्हती हा बचाव त्या एका शिक्क्याने संपतो. ज्या दिवशी मुदत टळेल तो दिवस डायरीत लिहून ठेवावा; कारण अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज झाला नाही तर कायद्याचे कलम २० आडवे येते. आज्ञाभंग रोज चालूच आहे, म्हणून वर्षाची अट लागू नाही, हा युक्तिवाद काही प्रकरणांत टिकला आहे. परंतु त्याच्या भरवशावर बसणे धोक्याचे आहे. आणि अधिकारी बदलून गेला तर नव्या अधिकाऱ्याला त्याच दिवशी नवी प्रत द्यावी.

हे सारे केले तरी न्यायालयाच्या बळावरच सगळे होईल असे समजू नये. भुकेच्या प्रश्नावरील खटला या बाबतीत पाहण्यासारखा आहे. जयप्रकाशजींच्या पुढाकाराने १९७६ साली स्थापन झालेल्या पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीजने २००१ साली सर्वोच्च न्यायालयात अर्ज केला, तेव्हा सरकारी गोदामांत धान्य सडत होते आणि राजस्थानात लोक उपाशी होते. २८ नोव्हेंबर २००१ रोजी न्यायालयाने हुकूम केला की सरकारी व अनुदानित प्राथमिक शाळांतील प्रत्येक मुलाला वर्षातून किमान २०० दिवस, ३०० उष्मांकांचे आणि ८ ते १२ ग्रॅम प्रथिनांचे शिजवलेले जेवण द्यावे. मुलांच्या हाती महिन्याचे कोरडे धान्य ठेवून हात झटकण्याची अनेक राज्यांची पद्धत यामुळे बंद व्हायला हवी होती. मुदत महिन्यांची होती. काही राज्यांनी वर्षे लावली. निधी नाही, भांडी नाहीत, स्वयंपाकघर नाही, ही उत्तरे ठरलेलीच होती.

या प्रकरणात एकाही मुख्य सचिवाला तुरुंगात जावे लागले नाही. तरीही हुकूम गावोगाव पोहोचला, आणि तो कसा पोहोचला याचा कार्यकर्त्यांनी अभ्यास करावा. ८ मे २००२ च्या हुकुमाने न्यायालयाने देखरेखीसाठी आयुक्त नेमले, एन. सी. सक्सेना आणि एस. आर. शंकरन ही ती माणसे. त्यांचे अहवाल एकामागून एक न्यायालयापुढे येत राहिले. हुकूम न पाळल्यास राज्याच्या मुख्य सचिवाला जबाबदार धरले जाईल असे ठरले, म्हणजे फाटकाची किल्ली कोणाकडे आहे हे एकदाचे नक्की झाले. योजनांची तपासणी करण्याचा ग्रामसभेचा अधिकार मान्य झाला. यापूर्वीच, ९ एप्रिल २००२ रोजी, अन्नाच्या अधिकाराच्या चळवळीने ठिकठिकाणी मुलांना रस्त्यावर पंगतीला बसवले होते आणि कोठे कोठे रिकाम्या थाळ्या घेऊन मुले उभी राहिली होती. न्यायालयाने जे द्यायला सांगितले आहे ते सरकार देत नाही, एवढेच त्या थाळ्या सांगत होत्या. त्याच वर्षी जुलैमध्ये राजस्थानातील शाळांत शिजवलेले अन्न सुरू झाले. बिहारला त्यानंतर आणखी काही वर्षे लागली.